जेसी मॅथ्यूजच्या सिनेमांच्या डीव्हीडी : एव्हरग्रीन आणि अजून पाच, घ्याव्यात की नाही

जेसी मॅथ्यूज म्हणजे १९३०च्या दशकातली ब्रिटिश नाचणारी-गाणारी सिनेमास्टार. आधी निकाल सांगून टाकते म्हणजे ज्यांना घाई आहे त्यांचं काम होईल. एव्हरग्रीन (१९३४) डोळे झाकून घ्या. फर्स्ट अ गर्ल (१९३५) आणि इट्स लव्ह अगेन (१९३६) मिळाल्या तर नक्की घ्या. द गुड कंपॅनियन्स (१९३३) सिनेमा म्हणून छान आहे पण डान्ससाठी घेत असाल तर थांबा. गँगवे (१९३७) आणि सेलिंग अलाँग (१९३८) या दोन्ही माझ्याकडे आहेत, आणि त्यांच्याबद्दल मला जरा वाईट वाटतं, ते का ते पुढे सांगते. सहाच्या सहा डिस्क मी सेकंडहँड घेतल्या, चार चॅरिटी शॉपमधून आणि दोन ऑनलाइन, आणि गेल्या हिवाळ्यात आईबरोबर बसून सगळ्या बघितल्या. आई सांगलीहून तीन महिन्यांसाठी आली होती, बाहेर थंडी, चारला अंधार, मग करणार काय, रोज संध्याकाळी चहा झाला की डिस्क लावायची.

मी लंडनमध्ये हॅरोला राहते, कथक शिकवते. हे अशासाठी सांगितलं की मी हे सिनेमे स्टोरीसाठी बघत नाही, पायांसाठी बघते, तर रिव्ह्यू त्याच नजरेने वाचा.

ही बाई मला सापडली तीच मुळी कापडाच्या खरेदीत. सोहोमध्ये बर्विक स्ट्रीट आहे, कापडाच्या दुकानांसाठी प्रसिद्ध, गणपतीच्या कार्यक्रमासाठी मुलींच्या ड्रेसना मला जरा बऱ्यापैकी सिल्क हवं होतं म्हणून गेले होते. कोपऱ्यावर ब्लू पोस्ट्स नावाचा पब आहे आणि त्याच्या भिंतीवर एक हिरवी गोल पाटी, की संगीत रंगभूमीची आणि सिनेमाची स्टार जेसी मॅथ्यूज या रस्त्यावर जन्मली. हातात दोन पिशव्या घेऊन मी ती पाटी वाचली आणि मला हे नाव अजिबात माहीत नव्हतं. इतकी वर्षं डान्स करतेय, फ्रेड अस्टेअर माहीत, जिंजर रॉजर्स माहीत, एलिनॉर पॉवेल माहीत, आणि ही? घरी येऊन शोधलं तर दोन मिनिटांची एक क्लिप मिळाली, रात्री घरात एकटी नाचणारी मुलगी, आणि ती क्लिप मी त्या रात्री किती वेळा बघितली ते मोजलं नाही.

तर थोडक्यात तिची ओळख. जन्म ११ मार्च १९०७. वडील भाजी-फळं विकणारे, घरात सोळा मुलं झाली आणि त्यातली अकरा जगली, ही सातवी. मोठ्या बहिणीच्या लक्षात आलं की पोरीच्या पायात काहीतरी आहे आणि तिने हिला डान्सच्या क्लासला घातलं. १९१९ साली म्हणजे बाराव्या वर्षी स्टेजवर. पण सोहोच्या मंडईतली बोली घेऊन वेस्ट एंडला, म्हणजे लंडनच्या मोठ्या थिएटरांच्या भागात, मोठी भूमिका मिळायची नाही, त्यामुळे बोलणं सुधारायचे धडे, आणि ते इतके पक्के बसले की सिनेमात ती ज्या उच्चारात बोलते ते आज ऐकताना पहिली दहा मिनिटं कानाला टोचतं, एकदम तोंड लहान करून, एकेक स्वर इस्त्री करून ठेवल्यासारखा. आईला इंग्रजी तितकंसं कळत नाही पण ती ऐकता ऐकता म्हणाली, "हिला कोणीतरी न आणि ण शिकवलेत गं." अगदी बरोबर. आपल्याकडे कोणाचं बोलणं मारून मुटकून पुस्तकी केलं की ते जन्मभर तसं राहतं ना, तसंच हे. आणि गंमत बघा, गायला लागली की तो ताण कमी होतो, आवाज हलका, स्वच्छ, थोडासा घंटीसारखा, बोलण्यातलं ते जपून जपून चालणं गाण्यात जाणवतच नाही फारसं.

१९२०च्या दशकात ती वेस्ट एंडच्या रिव्ह्यूंमध्ये (म्हणजे गाणी, नाच, छोटे विनोदी प्रवेश असे स्टेज शो, परीक्षण नव्हे) चढत गेली, कोरसमधून पुढच्या रांगेत आणि तिथून पोस्टरवर. १९२४ला न्यूयॉर्कला गेली ती गर्ट्रूड लॉरेन्सची बदली नटी म्हणून. १९२८ला नाटककार नोएल कॉवर्डच्या रिव्ह्यूमध्ये तिचा जोडीदार होता सॉनी हेल, त्याचं लग्न झालेलं होतं एव्हलिन ले या त्या वेळच्या मोठ्या स्टारशी, आणि जेसीचंही लग्न झालेलं होतं. पुढे काय झालं ते कळलंच असेल. १९३०ला घटस्फोटाची केस कोर्टात उभी राहिली, जेसीने लिहिलेली पत्रं तिथे वाचली गेली आणि जजने भर कोर्टात तिच्या मनाची किळस येते अशा अर्थाचे शब्द वापरले. पेपरांनी ते छापले. सॉनीशी तिचं लग्न झालं १९३१ला. तिच्याबद्दल जिथे जिथे वाचायला जाल तिथे हीच गोष्ट आधी येते, आणि खरं सांगायचं तर मला याचा राग येतो, कारण या प्रकरणात पुरुष पण होता ना, त्याच्याबद्दल दोन ओळी आणि तिच्याबद्दल पानंच्या पानं. म्हणून मी इथे एवढ्यावरच थांबते आणि डिस्ककडे वळते.

द गुड कंपॅनियन्स. दिग्दर्शक व्हिक्टर सॅव्हिल, इंग्रज लेखक प्रीस्टलीच्या कादंबरीवरून. एक फाटकी गाण्या-नाचाची मंडळी गावोगाव फिरतेय, पैसे संपलेत, आणि तीन अनोळखी माणसं तिला येऊन मिळतात. तरुण जॉन गिलगुड आहे यात, पियानो वाजवतो! सांगलीच्या माणसाला हा सिनेमा न आवडून चालणारच नाही, नाटक कंपनीचा दौरा, सामान, ट्रंका, धर्मशाळेसारख्या खोल्या, आज प्रयोग होणार की नाही याची धाकधूक, सगळं ओळखीचं. आईने यातलंच सगळ्यात जास्त एन्जॉय केलं. जेसी सूझी डीन आहे, मंडळीतली हुशार पोरगी, जिला मोठं व्हायचंय. पण तिला नाचायला जागा कमी आहे. याआधी १९३१ आणि १९३२ला तिने दोनतीन बोलपट केले होते, पहिला पडला, बाकीचे ठीकठाक, आणि हा तिचा पहिला खरा हिट. म्हणून महत्त्वाचा. याच्या नंतर हिचकॉकबरोबर पण एक सिनेमा केला, वॉल्ट्झेस फ्रॉम व्हिएन्ना (१९३४), तो त्याला स्वतःलाच नकोसा होता आणि दोघांचं काही जमलं नाही, ती डिस्क मी घेतलेली नाही.

आता एव्हरग्रीन. यावर मी वेळ घेणार आहे.

मूळ हा स्टेज शो, १९३०च्या डिसेंबरमध्ये अडेल्फी थिएटरला, कॉकरन या निर्मात्याचा, रॉजर्स आणि हार्टची गाणी. तिथे डान्सिंग ऑन द सीलिंगसाठी स्टेजवर झुंबर उलटं, जमिनीतून वर उगवल्यासारखं लावलं होतं, म्हणजे नाचणारे खरंच छतावर आहेत असं दिसावं. चार वर्षांनी गॉमाँ-ब्रिटिश या स्टुडिओने त्यावरून सिनेमा काढला, दिग्दर्शक परत सॅव्हिल. हिरो म्हणून फ्रेड अस्टेअरला आणायचा विचार होता पण आरकेओ या त्याच्या हॉलीवूडच्या स्टुडिओने त्याला सोडलं नाही. मला विचाराल तर त्याचं येणं राहिलं हे एका अर्थी बरंच झालं, कारण त्यामुळे जेसीच्या वाट्याला ते एकटीचं नाचणं आलं.

स्टोरी म्हणजे डबल रोल. १९०९ साल, हॅरिएट ग्रीन ही म्युझिक हॉलची लाडकी गायिका, तिचं एका मोठ्या सरदाराशी लग्न ठरलंय, तेवढ्यात जुन्या प्रकरणातला माणूस ब्लॅकमेल करायला येतो, मग ती आपली तान्ही मुलगी दाईकडे सोडून गुपचूप दक्षिण आफ्रिकेला निघून जाते. पंचवीस वर्षांनी तीच मुलगी, नाव तेच, चेहरा तोच, काम शोधत फिरतेय, आणि एका पब्लिसिटीवाल्याच्या डोक्यात येतं की हिलाच आई म्हणून उभी करू, साठीला टेकलेली बाई अजून पंचविशीतली दिसते अशी जाहिरात करू, थिएटर फुटेल! थिएटर फुटतं. फक्त तो स्वतः तिचा मुलगा म्हणून मिरवतो आणि प्रेमात पडतो तिच्याच. दोघं एका घरात, जगासमोर आई आणि मुलगा. हे ऐकून आई म्हणाली की हे तर आपल्याकडचंच कथानक, आणि खरंच, चाळीस वर्षं उशिरा मुंबईत काढलं असतं तरी चाललं असतं.

रात्रीचा तो सीन इथे येतो. ती एकटी. पायघोळ, झुळझुळीत कपडे. घर पांढरंशुभ्र, गुळगुळीत, आल्फ्रेड युंग या जर्मन कलादिग्दर्शकाने उभं केलेलं. मनात जे आहे ते बोलता येत नाही अशी अवस्था. आणि ती नाचायला लागते, कोणासाठी नाही, प्रेक्षक नाहीत, समोर हिरो नाही. कॅमेरा बराच वेळ तिचं अख्खं शरीर दाखवत राहतो आणि हीच मोठी गोष्ट आहे, चेहरा दाखवला मग पाय दाखवले मग हात दाखवले असं तुकड्यातुकड्यांत केलं की नाच मरतो, हे रीलच्या जमान्यात मी मुलींना रोज सांगते. तिची ती प्रसिद्ध किक, पाय कानाच्या वर जातो. पण बघण्यासारखं ते नाही. बघण्यासारखं हे की पाय वर जाताना खांदा हलत नाही, मान ताठ होत नाही, चेहऱ्यावर "आता बघा हं" असं काही येत नाही, श्वास घ्यावा तसा पाय वर जातो आणि खाली येताना घाई करत नाही. आईने पहिल्याच वेळी ते टिपलं, ती काही नाचणारी नाही, गाणारी आहे, म्हणाली, "खाली येताना बघ, मींड घेतल्यासारखी येते." मी हे वाक्य वहीत लिहून ठेवलंय, क्लासमध्ये वापरते.

कमरेतून मागे वाकणं पण असंच. बॅले शिकलेली आहे हे दिसतं, पण नुसतं बॅले नाही, त्यात जॅझचा एक सैलपणा आहे, आणि तो कुठून आला ते सांगितलंच पाहिजे. नृत्यदिग्दर्शक बडी ब्रॅडली, अमेरिकेतला काळा डान्सर. न्यूयॉर्कमध्ये त्याने ब्रॉडवेच्या मोठमोठ्या गोऱ्या स्टार लोकांना स्टेप्स बसवून दिल्या आणि कार्यक्रमपत्रिकेवर बहुतेक वेळा नाव दुसऱ्याचं. १९३०ला कॉकरनने त्याला लंडनला आणलं, या एव्हर ग्रीनच्याच स्टेज शोसाठी, आणि इथे त्याला नाव मिळालं, सिनेमाच्या श्रेयनामावलीतही. तो मग लंडनलाच राहिला, डान्स स्कूल काढलं, कितीतरी वर्षं चालवलं. जेसीच्या चांगल्या सिनेमांमध्ये जे काही पायाला आहे त्यात याचा हात आहे, आणि त्याचं नाव जेसीच्याही पेक्षा कमी लोकांना माहीत आहे, तर तुम्ही डिस्क घेतलीत की सुरुवातीची नावं फॉरवर्ड करू नका प्लीज.

अजून एक मोठा नंबर आहे यात, वाळूचं घड्याळ उलटं फिरतं आणि साल मागे मागे जातं, १९३४, मग १९२४ चार्ल्सटन, मग १९१४, तिथे युद्ध, आणि बायका एकदम यंत्रासारख्या होतात, सगळ्या सारख्या, मग १९०४ वॉल्ट्झ. १९१४चा तुकडा येतो तेव्हा खोलीत एकदम थंड वाटलं मला. तेव्हा हा सिनेमा बघणाऱ्या प्रत्येकाच्या घरातलं कोणी ना कोणी त्या युद्धात गेलेलं असणार, आणि हलक्याफुलक्या संगीतपटात अचानक हे. आणि शेवटी ओव्हर माय शोल्डर, हॅरी वुड्सचं गाणं, ज्यात ती भर स्टेजवर म्हातारीचा टोप आणि जुना जडशीळ पोशाख उतरवून टाकत नाचते आणि लोकांना कळतं की ही आई नव्हेच. हे गाणं पुढे जन्मभर तिच्या नावाला चिकटलं. सिनेमा न्यूयॉर्कच्या रेडिओ सिटी म्युझिक हॉलला लागला होता, ब्रिटिश संगीतपटासाठी ही केवढी मोठी गोष्ट होती. अमेरिकन पेपरवाल्यांनी तिला नृत्यदेवता म्हणायला सुरुवात केली.

आता डिस्कच्या क्वालिटीबद्दल, कारण शेवटी हा प्रॉडक्टचा रिव्ह्यू आहे. चित्र बरंय, मधेमधे पांढरे ओरखडे आणि एकदोन ठिकाणी उडी मारल्यासारखं होतं, जुनी प्रिंट आहे ते समजून घ्यायचं. आवाजाला मागे एक सतत खरखर आहे, हेडफोन लावू नका, साध्या स्पीकरवर बरं वाटतं. सबटायटल्स माझ्या सहापैकी एकाही डिस्कवर नाहीत, आणि हे खरंच वाईट आहे, त्या काळचे विनोद भराभर बोलून टाकलेले असतात, माझे सुद्धा अर्धे सुटले, आईला तर मी थांबवून थांबवून सांगत होते.

आणि एक गोष्ट जी नाचणाऱ्या-गाणाऱ्या लोकांनी मुद्दाम लक्षात ठेवावी. हे सिनेमे सेकंदाला २४ फ्रेमवर शूट झालेत आणि इकडची पाल या टीव्ही सिस्टीमची डीव्हीडी चालते २५ने. म्हणजे सगळं चार टक्के फास्ट. नव्वद मिनिटांचा सिनेमा साडेतीन मिनिटं आधी संपतो, आणि आवाजही वर चढतो, अर्ध्या स्वरापेक्षा थोडा कमी फरक पडतो समजा. साध्या प्रेक्षकाला कळणार पण नाही. पण मी पहिल्यांदा बघताना सारखं वाटत होतं की ही इतकी सुंदर नाचते मग समेवर येताना एवढी धावपळ कसली, काहीतरी टोचत होतं. मग लॅपटॉपवर व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये स्पीड ०.९६ केला. आणि एकदम सगळं जागेवर आलं! पाय खाली येतो तिथे तो अर्धा श्वासाचा थांबा आहे ना, तो दिसायला लागला. ज्यांच्या प्लेअरमध्ये स्पीड असा थोडासा कमी करता येत असेल त्यांनी हे नक्की करून बघा, वेगळाच सिनेमा दिसतो.

फर्स्ट अ गर्ल. १९३३च्या एका जर्मन सिनेमाचा रीमेक, जो पुढे १९८२ला हॉलीवूडने ज्युली अँड्र्यूजला घेऊन परत केला, तो तुम्ही कदाचित बघितला असेल. कपड्यांच्या दुकानात काम करणारी मुलगी, आणि बाईच्या वेषात स्टेजवर काम करणारा एक नट (सॉनी हेल) ज्याचा आवाज बसलाय. त्याच्या जागी ही उभी राहते, मग अशी होते गंमत की मुलगी, जी मुलगा असल्याचं नाटक करते, जो स्टेजवर मुलगी होतो. बालगंधर्वांच्या महाराष्ट्रातून आलेल्यांना स्त्रीपार्टी नटाचं नवल नाही, पण इथे उलट्याचं उलटं आहे आणि जेसी ते फार नाजूक करते. पँट घालून चालताना ती पुरुषासारखी चालायचा प्रयत्न करत नाही, पुरुषासारखं चालायचा प्रयत्न करणाऱ्या मुलीसारखी चालते. हा फरक दाखवणं किती अवघड आहे ते अभिनय करणाऱ्याला विचारा. दुसऱ्यांदा बघताना आम्ही फक्त तिचं चालणं बघितलं.

डान्स यात एव्हरग्रीनइतका आतून आलेला नाही, भव्य आहे, मोठा पिंजरा, झोपाळा, पिसं वगैरे. चित्र मात्र सहापैकी सगळ्यात स्वच्छ याच डिस्कचं.

इट्स लव्ह अगेन. यावर माझं मत जरा गुंतागुंतीचं आहे. दोन पेपरवाले खपासाठी एक खोटी बाई तयार करतात, मिसेस स्माइथ-स्माइथ, हिंदुस्थानातून आलेली, वाघ मारणारी, धाडसी वगैरे. जेसी काम शोधणारी नाचणारी मुलगी, ती म्हणते बाई नाहीच आहे तर मीच होते ती. आणि मग एका पार्टीत तिला "पूर्वेकडचा" डान्स करून दाखवावा लागतो. मी हा सीन येणार हे वाचलं होतं आणि आधीपासूनच धास्तावले होते. त्यात आपलं असं काही नाही, ना मुद्रा, ना पदन्यास, नुसती लंडनवाल्यांची कल्पना. कथेत ती खोटारडीच आहे, तिला येतच नाही, हे धरलं तरी मला त्रास झालाच, कारण लोकांना खरं माहीत नव्हतं असं नाहीये. उदय शंकर १९२३लाच लंडनला रशियन बॅले नर्तिका पाव्हलोव्हाबरोबर नाचले होते. आणि हा सिनेमा आला त्याच १९३६ साली कथक नर्तिका मॅडम मेनका, ज्यांनी पुढे आपल्या खंडाळ्याला नृत्यालय काढलं, त्या त्यांची मंडळी घेऊन युरोपात होत्या, बर्लिनच्या नृत्यस्पर्धेत बक्षीस घेत होत्या. खरं कथक तेव्हा युरोपच्या स्टेजवर होतं. आणि लंडनच्या स्टुडिओत हे चाललं होतं. क्लासमधल्या मोठ्या मुलींना मी हा सीन आणि त्याच्यानंतर मेनकांचे फोटो असं दाखवलं, खूप वेळ चर्चा झाली.

पण याच सिनेमात तिचं टॅप आणि जॅझ इतकं मोकळं आहे की डिस्क टाकून द्यावीशी वाटत नाही. सॅम कॉस्लोची गाणी, हिरो अमेरिकेतून आणलेला रॉबर्ट यंग, आणि जेसी एकदम आत्मविश्वासात, करिअरच्या ऐन शिखरावर. तत्कार (कथकचं पायांचं काम) करणाऱ्यांनी तिच्या टाचा बघाव्यात. टॅप करणारे बरेच जण आवाज काढायच्या नादात जमिनीला मारतात, ही जमिनीला लावते.

आता गँगवे आणि सेलिंग अलाँग. हे (आणि हेड ओव्हर हील्स, जो माझ्याकडे नाही) सॉनी हेलने दिग्दर्शित केलेत, म्हणजे नवऱ्याने. सॅव्हिल बाजूला झाला आणि स्टुडिओने नवऱ्याच्या हातात दिलं. सॉनी विनोदी नट म्हणून चांगला होता, पण सॅव्हिल कॅमेऱ्याला जे गप्प बसवायचा ते याला जमत नाही, नाचाच्या मधे उगाच काहीतरी घडतं, कोणीतरी तोंड वेडंवाकडं करतो, लक्ष मोडतं. गँगवेमध्ये ती पत्रकार, चोर समजून पकडली जाते, गँगस्टर वगैरे, आणि मी अर्ध्यात स्वयंपाकाला उठले. सेलिंग अलाँगमध्ये जॅक व्हाइटिंगबरोबरचा एक लांबलचक डान्स आहे तेवढ्यासाठी डिस्क ठेवलीय. तिथे शेवटी तिला जोडीदार मिळतो. आणि मग कळतं की इतकी वर्षं तिला बरोबरीचा नाचणारा दिलाच नव्हता कोणी.

याच सुमारास स्टुडिओचंच दिवाळं निघायची वेळ आली होती. गॉमाँ-ब्रिटिशने १९३७ला शेफर्ड्स बुशच्या स्टुडिओत सिनेमे काढणं थांबवलं. हॉलीवूडमधून तिला विचारणा होत होती तेव्हा कंपनी सोडायला तयार नव्हती, आणि कंपनी बुडायला आली तेव्हा वेळ गेलेली होती. तब्येत, मनावरचे ताण, आजारपणं, सगळं एकदम. १९४२च्या ब्रॉडवेच्या एका शोसाठी गेली, तो न्यूयॉर्कला पोचायच्या आधीच ती कोलमडली, शो तिच्याशिवाय लागला आणि तीन प्रयोगांत बंद पडला. १९४४ला सॉनीपासून घटस्फोट. पुढे स्टेज, छोटी कामं, १९५८ला एका परीकथेच्या सिनेमात आईची भूमिका. आणि १९६३ला बीबीसी रेडिओच्या रोजच्या मालिकेत मिसेस डेल, डॉक्टरची बायको, सहा वर्षं, १९६९ला मालिका संपेपर्यंत. म्हणजे जिच्या पायासाठी लोक रांगा लावायचे तिचा नुसता आवाज, तो इस्त्री केलेला, रोज घराघरांत. माझ्या शेजारच्या आजींना जेसी मॅथ्यूज म्हटल्यावर आधी तेच आठवलं, रेडिओ. ती नाचायची हे त्यांना त्यांच्या आईने सांगितलेलं. मी त्यांना घरी बोलावून एव्हरग्रीनचा तो सीन दाखवला तर त्या काही न बोलता बघत राहिल्या आणि मग म्हणाल्या की परत लाव.

१९७०ला तिला ओबीई हा ब्रिटिश किताब मिळाला, १९८१च्या ऑगस्टमध्ये ती गेली, ७४व्या वर्षी, ईस्टकोटला, म्हणजे माझ्या घरापासून बसने जाण्याइतकं अंतर. इथलं आपलं महाराष्ट्र मंडळ १९३२चं आहे, म्हणजे ती शिखराकडे चालली होती तेव्हा मूठभर मराठी माणसं या शहरात होती, त्यातलं कोणी शिलिंग खर्चून तिला बघायला गेलं असेल का हे मला फार जाणून घ्यावंसं वाटतं. कोणाच्या घरी आजोबांची पत्रं, डायऱ्या असतील आणि त्यात असा उल्लेख असेल तर मला खरंच कळवा.

खरेदीचं सांगते. चॅरिटी शॉपमध्ये मला एकेक डिस्क दोन ते चार पौंडांना पडली, पण मिळेल तेव्हा मिळेल, शेल्फच्या खालच्या रांगेत बसून शोधावं लागतं. ऑनलाइन घेतलेल्या दोनपैकी एकाने "अगदी नव्यासारखी" लिहून पाठवलेली डिस्क मधोमध चरा पडलेली निघाली, नेमकी गाण्याच्या जागी अडकायची, दोनदा मेसेज केले, उत्तर नाही, शेवटी पैसे परत मिळायला तीन आठवडे लागले आणि दुसरी कॉपी शोधावी लागली. तेव्हा ऑनलाइन घेताना डिस्कच्या मागच्या बाजूचा फोटो मागा, नुसत्या कव्हरच्या फोटोवर जाऊ नका. आणि भारतात नेणार असाल तर पाठीमागे रिजन कोड (डिस्क कुठल्या भागातल्या प्लेअरवर चालेल तो आकडा) बघा, इकडच्या डिस्कवर बहुतेक २ असतो आणि भारत ५मध्ये येतो, साध्या प्लेअरवर चालेलच असं नाही. काही डिस्क सगळीकडे चालणाऱ्या असतात, त्यावर ० लिहिलेलं असतं.

एव्हरग्रीनला पाचपैकी पाच, एक स्टार सबटायटल्ससाठी कापणार होते पण मन झालं नाही. फर्स्ट अ गर्लला चार. इट्स लव्ह अगेनला साडेतीन, तो पार्टीचा सीन नसता तर जास्त दिले असते. गुड कंपॅनियन्सला चार, पण आईचे पाच धरा. बाकी दोघांना अडीच अडीच.

आई परत गेलीय. जाताना एव्हरग्रीन घेऊन गेली, बॅगेत साड्यांच्या घडीत ठेवून, आणि आता सांगलीच्या प्लेअरवर ती चालत नाहीये. सगळे रिजन वाचणारा साधा, आईला बटणं कळतील असा प्लेअर सांगली-कोल्हापूर भागात कुठे मिळतो हे कोणाला माहीत असेल तर खाली लिहा.